ग्रिमहोल्टचं अपडेट कोणी लिहिलं

मी आयुष्यात एकही व्हिडिओ गेम खेळले नाही. खेळायचं ते यंत्र कोणी हातात दिलं तर मी ते बहुतेक उलटं धरीन. पण ग्रिमहोल्टच्या किल्ल्यात कुठल्या दरवाजामागे काय दडलंय, राजकन्या इसेल्डाला कोणत्या बुरुजात कोंडलंय आणि व्हेस्परा नावाची तलवार कोणाच्या हाताला चटका देते, हे सगळं एके काळी मला माझ्या गावच्या, गोंडपिपरीच्या बाजारापेक्षा जास्त पाठ होतं. तेव्हा मी चंद्रपुरात एका गाळ्यात बसून याच कामावर पोट भरत होते. परदेशातल्या कुठल्याशा गेममध्ये नवीन काही घातलं, की त्या अपडेटची माहिती इंटरनेटवर यायची. ती माहिती घ्यायची आणि दुसऱ्या शब्दांत लिहून काढायची. सांगायचं तेच, फक्त शब्द वेगळे.

असं कोणाला कशासाठी हवं असतं, हे मलाही सुरुवातीला कळलं नव्हतं. मग समजलं की शंभर वेबसाइटींना एकच बातमी छापायची असते, पण वाक्यं सारखी दिसली की संगणक पकडतो आणि वेबसाइट मागे पडते. म्हणून आमच्यासारखे लोक लागतात. चोरीच होती ती, सरळ सांगायचं तर. चोरलेल्या म्हशीचं शिंग रंगवून द्यावं तसं काम. पण मला त्याची लाज वाटली नाही. माझं दुखणं वेगळं होतं, आणि ते आजही गेलेलं नाही.

गाळा माझ्या भाऊजींचा होता. भाऊजी म्हणजे थोरल्या बहिणीचा नवरा. त्यांनी जटपुरा गेटच्या अलीकडे आधी एसटीडी बूथ टाकला, मग झेरॉक्सची मशीन आणली आणि मग इंटरनेटची केबिनं केली. माणूस खटपट्या, हे कबूल केलंच पाहिजे. कुठूनशी त्यांना हैदराबादच्या एका कंपनीची ओळख लागली आणि हे शब्द बदलून देण्याचं काम मिळालं. काम इंग्रजीतलं. भाऊजींचं इंग्रजी ‘येस सर’ आणि ‘टुडे डन सर’ यापुढे जात नव्हतं. मी त्या वेळी इंग्रजी घेऊन एम.ए. झालेली, बी.एड.ला नंबर न लागलेली, आणि गाळ्याच्या मागेच असलेल्या ताईच्या घरात राहणारी. भाऊजींना दुसरीकडे बघावंच लागलं नाही.

पहिल्या दिवशी त्यांनी एक प्रिंट पुढ्यात टाकली आणि कंपनीची अट सांगितली. नावांना हात लावायचा नाही, बाकी सगळं बदलायचं. मी पेन्सिल घेतली आणि नावांभोवती गोल करत गेले. ग्रिमहोल्ट, इसेल्डा, व्हेस्परा, मॅग्नस नावाचा कोणी म्हातारा जादूगार. गोलांच्या बाहेर जे उरलं ते माझं रान. इंग्रजीतलं मराठीत सांगायचं, तर मूळ मजकूर असा असायचा: ‘ग्रिमहोल्टच्या किल्ल्यात अंधाराच्या सेना परतल्या आहेत. राजकन्या इसेल्डाला वाचवण्यासाठी व्हेस्परा ही नवी तलवार मिळवा. काही जुने दोष दुरुस्त केले आहेत.’ मी त्याचं करायची: ‘काळोखाच्या फौजा पुन्हा ग्रिमहोल्टच्या वेशीशी येऊन थडकल्या. इसेल्डाची सुटका करायची तर व्हेस्परा हाती लागलीच पाहिजे.’ इथपर्यंत सोपं होतं. खरा घाम काढायचं ते शेवटचं वाक्य, कारण ते प्रत्येक अपडेटच्या शेपटाला असायचंच. जुने दोष दुरुस्त केले, हे माणूस किती तऱ्हांनी सांगणार? चुका निस्तरल्या, उणिवा भरून काढल्या, अडचणी दूर झाल्या. पुढे पुढे मला वाटायला लागलं की या गेममध्ये दोषांशिवाय दुसरं काही नसावं.

दुपारी हमखास वीज जायची. गावाच्या उशाशी वीज तयार करणारी चिमणी दिवसरात्र धूर ओकत होती, दोरीवरच्या कपड्यांवर काळी बुकणी बसत होती, आणि आमचा पंखा मात्र बंद. वीज कुठे जाते ते देव जाणे. अशा वेळी मी प्रिंटच्या मागच्या बाजूला हातानं लिहीत बसायची आणि लिहिलेलं मोठ्यानं वाचून बघायची. कानाला खटकलं की खोडायचं. त्यातूनच मला एक सवय लागली. अपडेटची सुरुवात मी आवाजानं करायला लागले. मूळ मजकुरात नुसतं ‘नवा शत्रू आला आहे’ असं असलं, तर मी आधी साखळदंड घासल्याचा आवाज आणायची आणि मग शत्रू. माझं लहानपण एटापल्लीकडच्या रानात गेलं. तिथे कोणतीही गोष्ट आधी ऐकू येते, मग दिसते, आणि पुष्कळदा दिसतच नाही. ते माझ्या अंगात होतं, म्हणून कागदावर आलं. हैदराबादच्या लोकांना ते फार आवडलं. आता आणखी पाठवा, असेच पाठवा, असे निरोप यायला लागले.

निरोप यायचे भाऊजींना. कंपनीच्या वेबसाइटवरच्या खात्यावर नाव त्यांचं होतं, आणि तिथे त्यांचा टाय लावलेला फोटोही होता. टाय माझ्या चुलतभावाच्या लग्नात भाड्यानं आणलेला, हे मी ओळखलं. फोटोखाली ‘लेखक’ असं इंग्रजीत लिहिलेलं होतं. पहिल्यांदा बघितलं तेव्हा मी आणि ताई पोट धरधरून हसलो. भाऊजीही हसले. पुढे कामाची वाहवा होऊ लागली, खात्यावर तारे लागायला लागले, आणि भाऊजी हसायचे थांबले. येणाऱ्या-जाणाऱ्याला ते खातं उघडून दाखवायला लागले. मी शेजारच्या केबिनमध्येच बसलेली असायची. गिऱ्हाईक म्हणायचं, वा भाऊ, तुमी तर इंग्रजीत लिवता. भाऊजी म्हणायचे, लिहावं लागते बा. त्या वाक्यानं माझ्या डोक्यात तिडीक जायची. मी पुढची प्रिंट ओढून घ्यायची.

तशातच हैदराबादच्या त्या कंपनीनं जाहिरात दिली. बाहेरून काम करून घेण्यापेक्षा त्यांना आपल्याच कचेरीत बसून गेमची अपडेटं लिहिणारी माणसं हवी होती. नुसते शब्द बदलणारी नाहीत, मूळ लिहिणारी. जाहिरात भाऊजींच्या खात्यावरच आली आणि खातं सांभाळायची मी, त्यामुळे ती पहिल्यांदा माझ्याच नजरेला पडली. मी ती दोनदा वाचली. हे मला येत होतं. एम.ए.ला पाठ केलेलं सगळं विसरले असते, तरी हे आलं असतं. त्यांना दोन गोष्टी हव्या होत्या: तिथे बसून एक परीक्षा द्यायची, आणि आधी कुठे असं लेखन केलं असेल तर त्या जागेचं पत्र आणायचं. परीक्षेची मला भीती नव्हती. पत्र मात्र भाऊजींकडूनच यायचं होतं.

मी त्यांना सरळ विचारलं. नाही म्हणाले नाहीत. आज जरा घाई आहे, म्हणाले. मग शिक्का सापडत नव्हता. मग त्यांना एका लग्नाला मूल गावाला जायचं होतं. मला राग आला आणि त्या रागात मी ताईकडे गेले. ती भात निवडत बसली होती. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि हात थांबवला.

“तू लिवते म्हणून आमच्या घरचं चालून राह्यलं, हे मले मालूम नाई का?” ती म्हणाली. “पण ते त्याइच्या तोंडून बोलवून घेऊ नको. तू जाशीन हैदराबादले. मले इथीच राहाचं आहे.”

तिचं खोटं नव्हतं. भाऊजींनी लिहून दिलं असतं की सगळं लेखन या मुलीनं केलं, तर तेच पत्र हैदराबादला जाऊन पडणार होतं, त्याच कंपनीत जिथे त्यांचा टायवाला फोटो होता. त्यांचं खातं त्याच दिवशी बसलं असतं. ताईच्या दोन्ही लेकी इंग्रजी शाळेत जात होत्या. मला हे दिसत होतं, आणि तरी मला माझं पत्र हवं होतं. हे दोन्ही एकदम वाटू शकतं, हे मला त्या दिवशी कळलं. कळून माझा राग काही कमी झाला नाही.

शेवटी मी बाबांना फोन केला. बाबांवर माझा भरवसा होता, आणि तो उगाच नव्हता. बाबा जिल्हा परिषदेचे मास्तर. नोकरीची बहुतेक वर्षं त्यांनी एटापल्ली तालुक्यात काढली. तिकडच्या शाळांत माडिया आदिवासींची मुलं पहिलीत आली, की कित्येक मास्तर त्यांची नावं बदलून टाकायचे. मुलाचं गोंडी नाव तोंडात बसत नाही म्हणून हजेरीत कॅलेंडरवरच्या देवाचं एखादं नाव लिहायचं, आणि मग ते पोर जन्मभर कागदावर दुसरंच कोणी असायचं. बाबांनी हे कधी केलं नाही. ते मुलाच्या आईला बोलावून घ्यायचे, तिच्याकडून नाव तीनतीनदा वदवून घ्यायचे आणि ती म्हणेल तसं लिहायचे. इतर मास्तर त्यांची टिंगल करायचे. आमचं घर छप्पनपासूनचं बौद्ध. त्याआधी गावानं माझ्या आजोबांना जे नाव चिकटवलं होतं, ते उच्चारतानाही बाबांचा चेहरा पडायचा. नाव म्हणजे काय असतं हे त्यांना कोणी शिकवायची गरज नव्हती. म्हणून मला वाटलं, दुसरं कोणी नाही तरी बाबा भाऊजींना विचारतील. एवढंच म्हणायचं होतं त्यांना, की जिनं लिहिलं तिचं नाव लिहा.

बाबा आले. गोंडपिपरीहून सकाळच्या एसटीनं, पांढरा झब्बा इस्त्री करून, एका हातात नव्या तांदळाची पिशवी आणि दुसऱ्या हातात तळ्यातले मासे. मासे पळसाच्या पानात बांधून वर ओला फडका गुंडाळलेला. मी दारात उभी होते. त्यांनी माझ्याकडे बघून मान हलवली, आलो ना मी, अशी. मला हायसं वाटलं. आता सगळं सरळ होईल, असं मला खरोखरच वाटलं होतं, आणि त्या वाटण्याचा मला आज सगळ्यात जास्त राग येतो.

कारण मग भाऊजी घरात आले आणि बाबा उठून उभे राहिले. सासरा जवायासाठी उभा राहतो, आमच्याकडे ही रीतच आहे. धर्म बदलला, देव्हारा गेला, नवस गेले, पण जवाई होता तिथेच राहिला. बाबांनी दोन्ही हात जोडून जय भीम घातला. पिशवीतून एक कोरा शर्टपीस काढून भाऊजींच्या हातात दिला. मग भाऊजींना पाटावर बसवून आधी वाढलं गेलं. ताईनं मासे तळले होते, ते आधी त्यांच्या ताटात गेले. बाबा समोर बसून त्यांना आग्रह करत होते. उन्हाळा किती आहे, कोळशाचे ट्रक किती वाढले, मोठ्या लेकीचा दात पडला का, असं सगळं बोलून झालं. मी स्वयंपाकघराच्या चौकटीला टेकून उभी होते. बाबांनी दोनदा माझ्याकडे पाहिलं आणि दोनदा घसा खाकरला. दुसऱ्या खाकरण्यानंतर त्यांनी भाऊजींच्या ताटात आणखी भात वाढायला सांगितला.

भाऊजी हात धुवायला गेले तेव्हा मी बाबांना म्हटलं, विचारा ना आता. बाबा हळू आवाजात म्हणाले, “जवायाले असं विचारत नसते, बाई.” मग ते मला समजावायला लागले. तेंदूपत्त्याच्या दिवसांत तू पाहिलंच ना, म्हणाले. अख्खं घर पानं तोडते. बाया तोडतात, पोरं पुडे बांधतात, पण पानं मोजून घेतात त्या फडीवरचं कार्ड राह्यते एकाच्याच नावानं. म्हणून काय बाकीच्यांनी काम केलं नाई असं होते का? तसं समज. ज्या माणसानं मुलांची नावं बदलू दिली नाहीत, तो माणूस मला हे सांगत होता. आणि त्याला त्यात काही विसंगत वाटत नव्हतं. परक्यांच्या लेकरांसाठी ते हेडमास्तरांशी भांडले. आपल्या लेकीसाठी त्यांना जवाई आडवा आला.

मग मीच विचारलं. भाऊजी टॉवेलला हात पुसत आत आले तेव्हा बाबांसमोर, ताईसमोर मी म्हटलं की मला पत्र पाहिजे आणि ते आज पाहिजे. ताई भिंतीकडे बघायला लागली. बाबा म्हणाले, जाऊ दे, जवाईबापू, पोरगी लहान आहे. भाऊजींनी मात्र माझ्याकडे नीट पाहिलं. मला वाटलं होतं चिडतील. ते अगदी मऊ झाले.

“त्यात काय मोठं?” ते म्हणाले. “तू लिहून दे, मी टाईप करून सही ठोकतो.”

मी लगेच बसले आणि लिहिलं. साधं, चार ओळींचं, इंग्रजीत. या केंद्राचं गेमच्या अपडेटचं सर्व लेखन या मुलीनं केलं आहे, ते तिनं स्वतंत्रपणे केलं आहे आणि ते उत्तम आहे, एवढंच. खाली केंद्राचं नाव, वर माझं पूर्ण नाव. भाऊजी तो कागद घेऊन गाळ्यात गेले. बाबा आणि मी जेवायला बसलो. बाबा म्हणाले, पाह्य, मनानं चांगला आहे माणूस. मला त्या वेळी ते पटलंही. माशाचा काटा काढून त्यांनी तुकडा माझ्या ताटात ठेवला.

भाऊजी परत आले ते शिक्का मारलेलं पत्र घेऊन. त्यांनी ते माझ्या नाही, बाबांच्या हातात दिलं. बाबांनी उष्टा हात बाजूला धरून डाव्या हातानं घ्यायचं टाळलं, उठून हात धुतले आणि मग दोन्ही हातांनी घेतलं. वाचायच्या आधीच ते म्हणाले, फार उपकार झाले, जवाईबापू. मग चष्मा लावून वाचलं. त्यांचं इंग्रजी चांगलं होतं. मी त्यांच्या चेहऱ्याकडे बघत होते आणि त्यांचा चेहरा पत्रावरून उठतच नव्हता. त्यांनी पत्राची घडी घातली आणि माझ्याकडे दिली.

मी वाचलं. माझं नाव होतं तसंच होतं. केंद्राचं नाव तसंच, कंपनीचं नाव तसंच. बाकी सगळं बदललेलं. ‘लेखन केलं’च्या जागी ‘टायपिंगच्या कामात साहाय्य केलं’ आलं होतं. ‘स्वतंत्रपणे’ गेलं होतं आणि तिथे ‘संचालकांच्या मार्गदर्शनाखाली’ बसलं होतं. ‘उत्तम’चं ‘समाधानकारक’ झालं होतं. वाक्यांची लांबी सुद्धा जवळजवळ तेवढीच. कामाची पद्धत मीच त्यांना दाखवली होती, शेजारच्या खुर्चीवर बसवून, पेन्सिलीनं गोल करून. इतकी वर्षं त्यांना ती जमली नव्हती. त्या दिवशी जेवण होईपर्यंतच्या वेळात, झेरॉक्सला आलेल्या कुठल्या दाखल्यांतले शब्द उचलून असेल, त्यांनी ते काम इतकं चोख केलं की कंपनीनं पाहिलं असतं तर तारा दिला असता.

बाबा उपकार झाले असं म्हणून चुकले होते. जवायाला एकदा उपकार झाले म्हटलं, की त्याच पत्रात खोड कशी काढायची? ते संध्याकाळच्या गाडीनं परत गेले. स्टँडवर मला म्हणाले, परीक्षा चांगली दे, पत्राकडे कोण पाह्यते. मी तेव्हा बोलले असते तर वाईट बोलले असते.

परीक्षा मात्र मी चांगली दिली. बल्लारशाहून हैदराबादची गाडी धरली, तिथे एका मैत्रिणीच्या मावशीकडे उतरले आणि सकाळी त्या कचेरीत गेले. काचेचं दार, थंड हवा, आणि वीज कधी दगा देणार नाही अशी जागा. त्यांनी एका नव्या गेमच्या अपडेटचे कोरडे मुद्दे दिले आणि त्यावरून लिहायला सांगितलं. ओस पडलेलं बंदर, बुडालेलं जहाज, नवा कप्तान. मी डोळे मिटून ते बंदर ऐकलं आणि लिहिलं. तसं मी आयुष्यात पुन्हा कधी लिहिलं नाही. पेन खाली ठेवला तेव्हा माझे कान गरम झाले होते.

परीक्षा घेणारी बाई वयानं माझ्या ताईएवढी होती. बोलायला साधी, हिंदी-इंग्रजी मिसळून बोलणारी. तिनं माझा कागद वाचला, पहिल्या ओळीवर थांबली आणि हसली. मला वाटलं, झालं काम. मग ती म्हणाली, तुम्ही चंद्रपूरच्या आहात ना? तिथल्या एका गृहस्थांकडून आम्ही नेहमी लिहून घेतो. फार छान लिहितात. ते सुरुवात अशीच करतात, आवाजापासून. तिनं भाऊजींचं नाव घेतलं. नाव तिला बरोबर उच्चारता येत होतं.

मी म्हटलं, ते मीच लिहिते. ते सगळं मी लिहिलेलं आहे.

तिनं माझ्या पुढ्यातलं पत्र उचललं आणि पुन्हा वाचलं. नंतर ते माझ्याकडे सरकवलं. ती मला खोटारडी समजली नाही, हे मला तिच्या डोळ्यांत दिसत होतं. तिला माझी कीव आली होती. ती म्हणाली की असं होतं, एखाद्याचं लेखन रोज टाईप केलं की ते हातात उतरतं, मग आपलंच वाटायला लागतं. तिनं मला आणखी संधी दिली, तेवढी ती भली होती. दुसरे मुद्दे दिले आणि म्हणाली, यावर तुमचं स्वतःचं लिहा, त्यांच्यासारखं नको. मी प्रयत्न केला. मी आवाज काढून टाकला. दुसरं काहीतरी शोधलं, तर तेही माझंच निघालं, आणि माझं म्हणजे तिच्या दृष्टीनं त्यांचं. तो कागद पहिल्यापेक्षाही जास्त भाऊजींसारखा झाला. मला माझ्याच हातातून सुटता येईना.

तिनं मला चहा पाजला. आम्हाला मूळ लिहिणारं माणूस हवंय, म्हणाली, पण टायपिंगची एक जागा आहे, तिचा विचार करा. आणि त्या गृहस्थांकडे आणखी थोडे दिवस शिका, ते नशिबानं मिळालेत तुम्हाला. मी हो म्हटलं. का म्हटलं ते मला माहीत नाही. खालच्या रस्त्यावर येऊन मी त्या पत्राचे तुकडे करायला घेतले आणि अर्ध्यात थांबले, कारण दुसरीकडे कुठे विचारलं तर दाखवायला माझ्याजवळ तेवढंच होतं.

मी ताईच्या घरी पोचले तेव्हा दुपार होती आणि वीज होती. ताईनं काही विचारलं नाही. चेहऱ्यावरून तिला समजलं असणार, आणि तिला बरं वाटलं असणार, आणि बरं वाटल्याचं वाईटही वाटलं असणार. ती ताट घ्यायला गेली. भाऊजी गाळ्यातून आले. मी परत आलेली बघून त्यांचा जीव भांड्यात पडला हे त्यांना लपवता आलं नाही. त्यांच्या हातात एक प्रिंट होती. ग्रिमहोल्टला आग लागली होती म्हणे, मोठं अपडेट होतं. मी नव्हते तेव्हा त्यांनी केबिनमध्ये येणाऱ्या कॉलेजच्या एका पोराकडून लिहून घेतलं होतं आणि ते हैदराबादहून परत आलं होतं. प्रिंट माझ्यापुढे ठेवून ते खाली बसले. पाटावर नाही, माझ्यासमोर जमिनीवर.

“हे तूच लिही,” ते म्हणाले. “तुह्यासारखं कोणाले जमत नाई. पहिल्यापासून तूच लिहिलं, मी काय लिहिणार आहो.”

हे एवढंच मला ऐकायचं होतं. बाबांसमोर, त्या बाईसमोर, गाळ्यात येणाऱ्या कोणत्याही गिऱ्हाइकासमोर त्यांनी हे म्हटलं असतं, तर मी त्यांच्यासाठी आणखी दहा वर्षं लिहिलं असतं. ते त्यांनी स्वयंपाकघरात म्हटलं, ऐकायला फक्त त्यांची बायको असताना. आणि खरं सांगू? ते मनापासून म्हणाले. त्यात लबाडी असती तर मला सोपं गेलं असतं.

“हेच कागदावर लिहून द्या, भाऊजी,” मी म्हटलं.

ते हसले. साळीनं गंमत केली असं त्यांना वाटलं, किंवा तसं समजणं त्यांना बरं वाटलं. मी ताईकडे पाहिलं. एकदा तरी ती काही बोलेल, असं वाटत होतं. ती ताटात भात वाढत होती. वरण घातलं, लोणचं ठेवलं आणि ताट माझ्यापुढे सरकवताना ती प्रिंट उचलून बाजूला ठेवली, ओली होऊ नये म्हणून.

“आधी जेवून घे,” ती म्हणाली. “मंग लिव.”

मी जेवले, आणि मग लिहिलं. ते पहिल्या फटक्यात पास झालं, आणि त्याखाली भाऊजींचं नाव गेलं.